रिंग, ठोकळा आणि पाडव्याची जत्रा

साखर कारखान्यांचा पट्टा पडला की आष्टी तालुक्यातल्या वाड्यावस्त्यांवर पुन्हा माणसं दिसू लागतात. दिवाळीनंतर कोयता घेऊन ऊसतोडीला पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात गेलेली जोडपी माघारी येतात, मुकादमाकडचा हिशेब होतो, उचल फिटली असेल तर चार पैसे गाठीला राहतात. शेतात काम नसतं, उन्हाचा कडाका सुरू झालेला असतो, पोरांच्या परीक्षा उरकत आलेल्या असतात. जत्रांचा हंगाम नेमका याच दिवसांत पडतो. होळीपासून पाडव्यापर्यंत गर्भगिरीच्या डोंगरात कानिफनाथांच्या मढीला माणसांची रीघ लागते. मढी पाथर्डी तालुक्यात. त्याच डोंगरात, पण आष्टी तालुक्यातल्या सावरगावजवळ मच्छिंद्रनाथांची समाधी आहे. कागदावर तो मच्छिंद्रनाथगड, लोकांच्या तोंडी मायंबा. पाडव्याला गर्दीचा मोर्चा तिकडे वळतो.

संपादकांनी यंदाच्या अंकासाठी ‘खेळ’ हा विषय दिला. आष्टीचा आणि खेळाचा संबंध म्हटला की मांडव्याचा अविनाश साबळे सगळ्यांना आठवतो. ऊन आणि चढउतार अंगात मुरलेल्या या तालुक्यातून तीन हजार मीटर स्टीपलचेसचा आशियाई सुवर्णविजेता निघाला, त्याच्यावर पुष्कळ लिहून झालं आहे आणि आणखी लिहायला हवंच. मला मात्र ज्या खेळांवर कुणी ओळभरही लिहीत नाही त्यांच्याकडे जायचं होतं: रिंगा टाकणं, बंदुकीने फुगे फोडणं, चेंडूने ग्लास पाडणं. आपल्यापैकी प्रत्येकाने ते लहानपणी खेळलेले आहेत आणि बहुतेक जण रिकाम्या हाताने परतलेले आहेत. मोठेपणी तेच आपण पोरांना सांगतो, ‘सगळी फसवणूक असते, पैसे घालवू नको.’ पोर ऐकत नाही, कारण त्याच्या डोळ्यांसमोर कुणीतरी नुकतंच घड्याळ जिंकलेलं असतं.

तेव्हा प्रश्न सरळ होता. या खेळांत जिंकण्याची शक्यता वाढवता येते का? येत असेल तर नेमकं काय केलं म्हणजे? पाडव्याच्या आसपास मायंबाच्या डोंगरात फिरलो, पालांसमोर उभा राहिलो, पालवाल्यांशी बोललो, मोजमाप केलं. माझं मत असं झालं की यातल्या काही खेळांत शक्यता चांगली वाढवता येते, काहींत ती तसूभरही वाढत नाही, आणि कोणता खेळ कुठल्या प्रकारात मोडतो हे खिशात हात घालण्याआधी दहा मिनिटं नुसतं बघत राहिलं तरी कळतं.

आठ सेंटिमीटरचा ठोकळा

रिंगांच्या पालाची मांडणी सगळीकडे सारखी. लाकडी फळ्या जोडून केलेला चौथरा, त्यावर रेक्झिन, भोवताली कमरेएवढ्या उंचीवर बांधलेली दोरी. दोरीजवळ साबण, बिस्किटांचे पुडे, पावडरचे छोटे डबे. त्यामागे प्लॅस्टिकच्या गाड्या, स्टीलचे डबे, भिंतीवरची घड्याळं. आणि मधोमध, सगळ्यांना दिसेल अशा जागी, एका रंगवलेल्या चौकोनी ठोकळ्याला रबराने गुंडाळलेली पाचशेची नोट. वीस रुपयांना पाच रिंगा. नियम एकच: रिंग वस्तूभोवती पूर्ण खाली, फळीला टेकली पाहिजे. ठोकळ्यावर तिरकी अडकली तर ती गेली.

मी पोचलो तेव्हा सातवी-आठवीतला एक मुलगा नोटेवर नेम धरत होता. त्याच्या रिंगा लागत होत्या, हे महत्त्वाचं. एक ठोकळ्याच्या कोपऱ्यावर आपटून उडाली, एक त्याच्यावर तिरकी बसली, एक चाटून पलीकडे गेली. दर वेळी भोवतालची माणसं ‘अरेरे’ म्हणत होती आणि त्याला वाटत होतं की थोडक्यात हुकलं. त्याने पुन्हा वीस रुपये काढले.

गर्दी जरा पांगल्यावर मी पालवाल्याला विचारलं, “काका, एक रिंग आणि तो ठोकळा हातात देता का? मोजायचं होतं.” मला वाटलं होतं तो टाळेल. त्याने नोटेचा ठोकळा उचलून माझ्यापुढे ठेवला. “मोजा की. लपवायचं काय त्यात? ज्याला घालून बघायची त्याला आम्ही रिंग घालूनबी दावतो.” आणि खरंच, त्याने वरून दोन्ही हातांनी धरून रिंग ठोकळ्यात सरळ खाली उतरवून दाखवली. रिंग जाते. त्यात खोट नाही.

रिंगेचा आतला व्यास बारा सेंटिमीटर भरला. ठोकळ्याची बाजू आठ सेंटिमीटर. लांबून बघणाऱ्याला वाटतं, बारामध्ये आठ म्हणजे चार सेंटिमीटर मोकळे आहेत, चांगली ऐसपैस जागा आहे. पण रिंग गोल आहे आणि ठोकळा चौकोनी. रिंगेला ठोकळ्याची बाजू ओलांडायची नसते, त्याचे चारही कोपरे पोटात घ्यायचे असतात. आठ सेंटिमीटर बाजूच्या चौकोनाचा कर्ण होतो अकरा पूर्णांक तीन. म्हणजे मोकळी जागा चार सेंटिमीटर नाही, सात मिलिमीटर. तीही दोन्ही बाजूंना वाटून, एकेका बाजूला जेमतेम साडेतीन.

रात्री मुक्कामी कागदावर कंपासने आकृती काढली. रिंग अगदी सपाट पडली असं धरलं तरी तिचा मध्यबिंदू ठोकळ्याच्या मध्यापासून इतक्या कमी जागेत पडायला हवा की त्या जागेचं क्षेत्रफळ अर्ध्या चौरस सेंटिमीटरपेक्षाही कमी येतं. करंगळीच्या नखाएवढी जागा, दीड-दोन मीटरवरून. दोरीजवळच्या छोट्या साबणाची वडी सात बाय पाचची होती. तिच्यासाठी हीच आकृती काढली तर मध्यबिंदूला मिळणारी जागा दहा चौरस सेंटिमीटरच्या घरात जाते. वीसपटीहून मोठी. एकच रिंग, एकच हात, एकच अंतर, आणि फक्त निशाणा बदलला की शक्यता वीसपट.

दुसरी गोष्ट तिरकेपणाची. रिंग सपाट न पडता कलून आली तर वरून बघताना ती लंबगोल दिसते आणि एका दिशेने तिची रुंदी घटते. वीस अंशांचा कल पडला की बारा सेंटिमीटरची रिंग त्या दिशेला सव्वाअकराच उरते, म्हणजे ठोकळ्याच्या कर्णाहून बारीक होते. वीस अंश म्हणजे फार नाही. हौशी माणूस रिंग फेकतो तेव्हा ती बहुधा याहून जास्त कललेली असते. त्या मुलाचा नेम चांगला होता. त्याच्या रिंगा मात्र तिरक्या जात होत्या, आणि तिरक्या रिंगेला तो ठोकळा भौमितिकदृष्ट्या बंद होता. हे त्याला कुणीतरी सांगायला हवं होतं. मी सांगितलं. त्याने पुढच्या रिंगा पावडरच्या डब्यावर टाकल्या.

रिंग सपाट जायची असेल तर तिला गरका द्यावा लागतो. अंगठा वर, बाकीची बोटं खाली, रिंग जमिनीला समांतर धरायची आणि दंडाने ढकलण्याऐवजी मनगटाने फिरवून सोडायची. फिरणारी वस्तू आपली पातळी सहजी सोडत नाही. भोवरा फिरत असतो तोवर उभा राहतो ते याच कारणाने. दुसरं म्हणजे रिंग थोडी वर उचलून टाकावी. सरळ मारलेली रिंग आडव्या वेगाने येते, वस्तूच्या कडेला धडकते किंवा रेक्झिनवरून घसरत जाते. वरून उतरणारी रिंग जिथे पडते तिथेच थांबण्याची शक्यता जास्त.

निशाणा निवडतानाही शेजार बघायचा. दाटीने मांडलेल्या वस्तूंमध्ये रिंग दोन वस्तूंवर टेकून वरच अडकते. ज्या वस्तूभोवती चारही बाजूंनी वीतभर मोकळी जागा आहे, जी गोल किंवा अरुंद आहे आणि जी फार उंच नाही, ती हेरायची. घड्याळ नेहमी त्याच्या खोक्यावर उभं असतं आणि रिंग त्या खोक्यावरून खाली जायला हवी असते. घड्याळाकडे बघू नका, खोक्याच्या कोपऱ्यांकडे बघा.

हे सगळं न शिकता जाणणारी एक म्हातारी तिथेच भेटली. नऊवारी नेसलेली, नातवाचा हात धरलेला. ती बराच वेळ नुसती उभी होती. मग पाच रिंगा घेतल्या आणि पाचही दोरीला सगळ्यांत जवळच्या साबणांवर टाकल्या. दोन साबण मिळाले. नातू नोटेसाठी हट्ट करत होता. ती म्हणाली, “ती नोट पडायची न्हाई बाबा. साबन तरी घरात लागतो.”

बंदूक कुठे मारते ते आधी बघा

फुग्यांच्या पालात उभी फळी असते, तिच्यावर खिळ्यांना ओळीने बांधलेले फुगे, दहा-बारा फुटांवर टेबल आणि टेबलावर दोन-तीन छऱ्याच्या बंदुका. साडेचार मिलिमीटरपर्यंतच्या छऱ्याच्या आणि ठरावीक मर्यादेत ताकद असलेल्या एअरगनला २०१६च्या शस्त्र नियमांनुसार परवाना लागत नाही, म्हणून ती जत्रेत उघड्यावर चालते. फुटला तर फुगा, ठरावीक फुगे ओळीने फुटले तर बक्षीस.

इथे सर्वसाधारण समजूत अशी की बंदुकीची नळी मुद्दाम वाकवलेली असते. असं कुठे होत नसेल असं मी म्हणणार नाही. पण पाल बघत उभं राहिल्यावर वेगळंच दिसतं. या बंदुका वर्षानुवर्षं जत्रांमधून टेम्पोत आदळत फिरलेल्या असतात. नळीच्या टोकाची खूण ढिली झालेली, मागची खाच सरकलेली, नळी मोडून छरा भरण्याची बिजागरी सैल पडलेली. बंदूक वाकडं मारते हे खरं. पण बहुतेक बंदुका दर वेळी त्याच दिशेला वाकडं मारतात. आणि जे दर वेळी सारखं चुकतं त्याला सावरून घेता येतं.

ऑलिंपिकमधला नेमबाजही हेच करतो. कोल्हापूर जिल्ह्यातल्या कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेने २०२४मध्ये पॅरिसला पन्नास मीटर रायफलमध्ये कांस्य मिळवलं. त्या स्पर्धेत गुण धरायला सुरुवात होण्यापूर्वी नेमबाजांना चाचणीच्या गोळ्या झाडायला वेळ दिलेला असतो. बंदूक, हवा, उजेड आज कसे वागताहेत हे बघून ते आपली खूण जुळवून घेतात. जत्रेत खूण फिरवता येत नाही, पण निशाणा सरकवता येतो.

त्याची सोपी रीत अशी. पहिले दोन-तीन छरे जिंकण्यासाठी नसतात असं समजायचं. एका फुग्याच्या मधोमध नेम धरायचा, तसाच पुन्हा धरायचा, आणि छरा फळीवर कुठे लागला ते बघायचं. दोन्ही वेळा डावीकडे खाली लागला तर पुढचा नेम तेवढाच उजवीकडे वर. दोन छरे दोन दिशांना गेले तर बंदुकीची बिजागरी सैल आहे. दुसरी बंदूक मागायची. कुणी नाही म्हणत नाही.

पैसे न घालवताही हे कळतं. फुग्यांमागची फळी नीट बघा. तिच्यावर छऱ्यांचे शेकडो खळगे असतात. माझ्यासमोरच्या पालात ते सगळीकडे सारखे पसरलेले नव्हते; बहुतेक फुग्यांच्या उजव्या खालच्या अंगाला ते दाट होते. दिवसभरात त्या पालातल्या बंदुकांनी कुठे मारलं याची नोंद तिथे कोरलेली होती, आणि रांगेतलं कुणीही ती वाचत नव्हतं.

फुगाही निवडायचा. गच्च भरलेल्या फुग्याचं रबर ताणून पातळ झालेलं असतं, छरा कडेला लागला तरी ते फाटतं. अर्धवट भरलेल्या किंवा सकाळपासून टांगलेल्या फुग्याचं रबर जाड आणि मऊ असतं. कडेने आलेला छरा त्याला दाबून सटकतो. ताणलेला फुगा चकाकतो, सुकलेला निस्तेज दिसतो. मराठवाड्यातल्या चैत्राच्या उन्हात टांगलेले फुगे दुपारपर्यंत मलूल होतात. संध्याकाळी पालवाला नवी ओळ बांधतो, ती वेळ चांगली.

बंदूक धरायची पद्धतही महत्त्वाची. स्प्रिंगची एअरगन घोडा दाबल्यावर दोनदा हिसका देते, एकदा मागे, एकदा पुढे, आणि छरा नळीतून बाहेर पडायच्या आत हे घडून जातं. घट्ट आवळून धरलेली बंदूक प्रत्येक खेपेला वेगळी उडते. कोपर टेबलावर टेकवून, डाव्या तळव्यावर बंदूक नुसती ठेवून, हलक्या हाताने घोडा दाबला तर ती दर वेळी सारखी वागते.

ग्लासांचा मनोरा

स्टीलचे सहा ग्लास पालथे रचलेले, खाली तीन, वर दोन, माथ्यावर एक. चिंध्यांचा, वरून सायकलच्या ट्यूबचे पट्टे गुंडाळलेला चेंडू. तीन चेंडूंत सगळे ग्लास फळीवरून खाली पडले पाहिजेत. पडायला हवेत, आडवे व्हायला नव्हे. सगळी मेख या अटीत.

जवळजवळ सगळे जण मनोऱ्याच्या मध्यावर मारतात. वरचे तीन धाडकन उडतात, लोक ओरडतात, आणि खालचे तीन जागेवर बसून राहतात. खरा निशाणा सगळ्यांत खाली, मधल्या ग्लासाच्या बुडाशी. खालची ओळ हलली की वरचे ग्लास आपल्या वजनाने कोसळणारच असतात, त्यांच्यावर जोर खर्च करायची गरज नसते. काही ठिकाणी खालच्या ओळीतला एखादा ग्लास वजनदार असतो. तो ओळखायची खूण: पालवाला रचताना कोणता ग्लास सावकाश, दोन बोटांऐवजी पूर्ण पंज्याने उचलतो ते बघायचं. असा ग्लास दिसला तर पहिला चेंडू त्याच्याच बुडावर.

पालवाला फेकून दाखवतो तेव्हा तो कुठे उभा आहे हेही बघावं. आतल्या बाजूने, दोन हात अंतरावरून मारलेला चेंडू आणि दोरीबाहेरून मारलेला चेंडू यांत मोठा फरक आहे. “इथून मारून दाखवा” असं म्हणायला लाजू नये.

जिथे हाताला काम नाही

आतापर्यंतचे तीन खेळ हाताचे आणि डोळ्याचे. जत्रेच्या कडेला, दिव्यांच्या झगमगाटापासून जरा लांब, दुसरी दुकानदारी असते. सोरट, आकड्यांची चक्री, चित्रांचा पट आणि फासे, तीन पत्ते. इथे उपाय सांगण्यासारखा नाही, आणि हे मी स्पष्ट लिहितो, कारण ‘अमुक युक्ती केली की चक्री लागते’ असं सांगणारे पुष्कळ भेटतात.

सहा चित्रांच्या पटाचा हिशेब करून बघू. फासे तीन, प्रत्येकावर तीच सहा चित्रं. तुम्ही एका चित्रावर दहा रुपये लावलेत. ते चित्र एका फाशावर आलं तर तुमचे दहा परत आणि वर दहा, दोनवर आलं तर वर वीस, तीनवर आलं तर वर तीस. ऐकताना हा सौदा बरोबरीचा वाटतो: सहा चित्रं, तीन फासे, म्हणजे निम्म्या वेळा आपण जिंकणार. प्रत्यक्षात तीन फाशांच्या एकूण २१६ शक्यता आहेत. त्यांतल्या १२५मध्ये तुमचं चित्र एकाही फाशावर येत नाही. उरलेल्या ९१पैकी ७५मध्ये एकदा, १५मध्ये दोनदा आणि एकात तीनदा. सगळ्या २१६ शक्यता एकेकदा घडल्या असं धरलं तर लावलेले २१६० रुपये, परत आलेले १९९०. एकशेसत्तर रुपये पटावर राहिले. हे फासे प्रामाणिक असताना. तीन पत्त्यांत तर हाही हिशेब लागू नाही. तिथे जिंकताना दिसणारा माणूस त्यांचाच साथीदार असतो आणि राणी कुठे आहे हे तुम्हाला कळलंय असं वाटायला लावणं हाच त्यांचा धंदा.

कायद्यानेही हीच रेघ ओढली आहे. १८८७चा जुगारप्रतिबंधक कायदा महाराष्ट्रात आजही चालतो. सार्वजनिक जागी जुगार खेळणाऱ्याला पोलीस त्याखाली पकडू शकतात, आणि त्याच कायद्याचं तेरावं कलम निव्वळ कौशल्याच्या खेळांना वगळतं. सर्वोच्च न्यायालयाने १९५७च्या चमारबागवाला खटल्यात कौशल्य आणि नशीब यांतला हा फरक पक्का केला. म्हणून सोरटवाल्यांवर छापे पडतात आणि रिंगवाला सहसा बिनधास्त बसतो. दुसरीकडे राज्य सरकार स्वतः १९६९पासून लॉटरी चालवतं, तीही नशिबाचीच. पण तिथे तिकीट छापील असतं, निकाल जाहीर होतो आणि फसवलं गेल्यास जाब विचारायला एक दार असतं. जत्रेतल्या चक्रीला असं दार नाही. रात्रीतून पाल उठतं आणि माणूस दिसेनासा होतो. महिनोन्महिने उसाच्या फडात राबून आणलेला पैसा अशा जागी एका संध्याकाळी जातो, तेव्हा तो फक्त खेळणाऱ्याचा जात नाही.

दोरीच्या आतून

रिंगवाल्या काकांसोबत दुपारी, ऊन रणरणत असताना आणि गिऱ्हाईक नसताना, बराच वेळ बसलो. फळ्यांखाली त्यांचं बिऱ्हाड होतं: स्टोव्ह, पाण्याचा कॅन, झोपलेलं नातवंड. मढी, मायंबा, मग चैत्र पौर्णिमेला येरमाळ्याची येडेश्वरी, पुढे गावोगावच्या लहान जत्रा. पावसाळ्यात बसून खायचं. मार्गशीर्षात नांदेडकडे माळेगावच्या खंडोबाला. जागेचं भाडं, लाइटचे पैसे, टेम्पोचं भाडं, आणि फळीवर मांडलेला सगळा माल रोखीने आणलेला.

मी त्यांना विचारलं, चांगला हात असलेला माणूस आला की भीती वाटते का? ते हसले. “उलट तोच लागतो भाऊ. दिवसाकाठी एक-दोन घड्याळं गेलीच पाह्यजेत. घड्याळ घिऊन माणूस जत्रंत फिरला की त्याला बघून धा जण इकडं येतात. कुणालाच काय मिळंना झालं तर पाल उठवावं लागंल.”

साबण मिळाला तर? तो त्यांना घाऊक भावात पडलेला असतो. वीस रुपयांत पाच रिंगा टाकून एक साबण मिळाला तर तुम्ही तो साधारण दुकानाच्या किंवा त्याहून चढ्या भावात घेतलात आणि वर फेकायची मजा मिळाली. हा सौदा मला रास्त वाटतो. ठोकळा सगळ्यांसमोर आहे, मोजायला परवानगी आहे, रिंग आत जाते हे दाखवलं जातं. ज्या पालात हात लावू देत नाहीत, घालून दाखवत नाहीत, तिथे खेळू नये. हा माझा नियम मी कुणालाही सांगेन.

त्यांच्याच बोलण्यातून आणखी एक गोष्ट हाती लागली. दुपारी चारच्या आधी गिऱ्हाईक नसतं आणि रिकामं पाल गर्दी खेचत नाही. त्या वेळी कुणी थांबलं की ते पाचाऐवजी सात रिंगा देतात, लहान पोर असेल तर दोरीच्या आत एक पाऊल येऊ देतात. पाचाच्या सात झाल्या म्हणजे त्याच पैशात चाळीस टक्के जास्त संधी, आणि एक पाऊल पुढे म्हणजे त्याहून मोठा फायदा. बाजारात भाजी घेताना घासाघीस करणारी आपली माणसं रिंगा घेताना का करत नाहीत?

अमेरिकेतल्या न्यू जर्सी राज्यात जत्रेतल्या आणि समुद्रकिनाऱ्यावरच्या अशा खेळांना १९५९पासून कायद्याने परवाना लागतो. आपल्याकडे एवढं मोठं काही नको. यात्रा कमिटी जागेची पावती फाडतेच. त्याच वेळी तिने दोन अटी घालाव्यात. मागेल त्याला दोरीबाहेरून एकदा करून दाखवायचं, आणि रिंग-ठोकळा मोजू द्यायचा. काकांना हे विचारलं तर ते म्हणाले, त्यांची काहीच हरकत नाही. उलट जे लबाडी करतात त्यांच्यामुळे सगळ्यांचं नाव खराब होतं.

शहरातला पंजा

आष्टी, कडा भागातली कितीतरी कुटुंबं पुण्यात कामाला आहेत. तिथल्या मॉलमध्ये त्यांच्या मुलांना काचेच्या पेटीतला पंजा भेटतो: नाणं टाका, दांडी फिरवा, पंजा खाली जातो, टेडी उचलतो आणि वाटेत सोडून देतो. अशा अनेक यंत्रांमध्ये पंज्याची पकड किती घट्ट असावी आणि किती खेळांनंतर ती पुरती आवळावी हे मालकाला ठरवता येतं. बाहेरून मुलाला हे दिसत नाही. दांडी त्याच्या हातात आहे म्हणून त्याला तो आपल्या कौशल्याचा खेळ वाटतो. व्हिडिओ गेमच्या यंत्रांवर सरकारने नियंत्रण ठेवणं सर्वोच्च न्यायालयाने १९९५मध्ये एम. जे. शिवानी खटल्यात योग्य ठरवलं, ते यंत्रांत असे फेरफार करता येतात हेही लक्षात घेऊन. मला विचाराल तर मायंबाच्या डोंगरावरचा आठ सेंटिमीटरचा ठोकळा या पेटीपेक्षा कितीतरी सरळ आहे. त्याला टेप लावता येते.

पंज्यापुढे करण्यासारखं एकच: दुसऱ्यांचे खेळ बघत राहायचं. पंजा कधीच घट्ट मिटत नसेल तर पुढे निघायचं. खेळायचंच असेल तर तोंडाजवळची, वरच्या थरातली, इतरांखाली न दबलेली वस्तू निवडायची.

दिवाळीच्या सुट्टीत

पाडव्याला अजून पाच महिने आहेत आणि पोरांना आता सुट्ट्या आहेत. जाड पुठ्ठ्याची बारा सेंटिमीटर आतल्या व्यासाची रिंग कापा, कडेला दोन पदरी चिकटपट्टी गुंडाळून तिला वजन द्या. आठ सेंटिमीटर बाजूचा एक पुठ्ठ्याचा ठोकळा आणि साबणाची एक वडी अंगणात ठेवा, दीड मीटरवर खडूने रेघ ओढा. आधी मुलांना डोळ्याने अंदाज बांधू द्या की रिंगेत किती जागा मोकळी आहे, मग कर्ण मोजायला सांगा. आठवी-नववीतल्या मुलाला पायथागोरस कशासाठी शिकायचा हे तिथे समजेल. त्यानंतर मनगटाने गरका देऊन फेकायचा सराव. साबणावर टाकलेल्या रिंगा सपाट उतरायला लागल्या की ठोकळ्याकडे वळा, आणि शेजारी कर्णाचं माप लिहून ठेवा. जत्रेत टेप न्यायची राहिली तरी वीत आणि चार बोटांच्या मापाने अंदाज घेता येईल इतकं ते माप डोळ्यात बसलं पाहिजे.